ध्वनीने काळ मोजणारा (आणि वळवणारा) गुप्त पंथ: कथेसाठी नियम सुचवा

देवगिरीचा_रातकिडा यांचा प्रश्न

मंडळी नमस्कार. दिवाळी अंकासाठी एक दीर्घकथा लिहायला घेतलीये आणि मधेच गाडी रुतलीये. काळ तेरावं शतक, जागा देवगिरी, गादीवर सिंघण यादव, म्हणजे १२१० ते १२४७ च्या मधलं कधीतरी. कथेत एक गुप्त पंथ आहे, पूर्णपणे माझ्या डोक्यातला, खऱ्या इतिहासात शोधायला जाऊ नका. ही माणसं आवाजातून काळाचा अभ्यास करतात आणि पुढे पुढे काळाला हातही घालायला लागतात.

जागा आणि काळ उगाच उचललेला नाहीये. ह्याच सिंघणाच्या पदरी शार्ङ्गदेव होता, नोकरी हिशेबखात्यात आणि लिहिला काय तर संगीतरत्नाकर. ह्याच सिंघणाचा ज्योतिषी चांगदेव (वाघावर बसणारा नव्हे, भास्कराचार्यांचा नातू) ह्याने चाळीसगावजवळ पाटणला आजोबांचे ग्रंथ शिकवायला मठ काढला, त्याचा शिलालेख आहे. म्हणजे एकाच राज्यात एक माणूस स्वर मोजतोय, दुसरा ग्रह मोजतोय, आणि ह्या दोघांच्या मधल्या फटीत माझा पंथ बसतो असं मी धरलंय.

घोळ असा की पहिला खर्डा बायकोला वाचायला दिला तर ती म्हणाली शंख फुंकला की काळ थांबतो, भिंतीतून साधू बाहेर येतो, हे सगळं रविवार सकाळच्या सिरीयलसारखं वाटतंय. बरोबरच आहे तिचं. पंथाला नियम नाहीत, मोजमाप नाही, शिकायला काही कष्ट नाहीत, आणि चुकलं तर काही बिघडतही नाही. तर ह्या लोकांचं एकक काय असेल, पायऱ्या काय असतील, त्यांची ताकद कुठे संपते, ह्यावर डोकं चालवा प्लीज. एकच विनंती, ४३२ हर्ट्झ आणि ब्रह्मांडीय कंपनं घेऊन येऊ नका, ते व्हॉट्सॲपवर रोज मिळतं.

---

गुरुजींचा_नातू

एककासाठी तुम्हाला काहीही नवीन बनवायची गरज नाही हो, आपल्या ज्योतिषात काळाचं सगळ्यात खालचं एकक आवाजच आहे. दिवसाच्या ६० घटी, घटीची ६० पळं हे सगळ्यांना माहिती असतं पण पळाच्या खाली काय ते कोणी सांगत नाही. आर्यभटाच्या कालक्रियापादात सरळ दिलंय, एक पळ म्हणजे ६० गुरू अक्षरं, किंवा ६ प्राण म्हणजे सहा श्वास. आजच्या हिशेबात घटी २४ मिनिटांची, पळ २४ सेकंदांचं, प्राण ४ सेकंदांचा, आणि एक गुरू अक्षर ०.४ सेकंद. म्हणजे घड्याळ नसेल तर तोंडाने मोजा, इतकं साधं.

आणि त्यासाठी खास श्लोक आहे, सगळीच्या सगळी ६० अक्षरं गुरू, एकही लघु नाही, चार चरण, प्रत्येकी १५. सुरुवात अशी: मा कान्ते पक्षस्यान्ते पर्याकाशे देशे स्वाप्सीः. नवरा बायकोला सांगतोय की पौर्णिमेच्या रात्री उघड्यावर झोपू नकोस, भुकेला राहू तुझं तोंड चंद्र समजून गिळायचा. ना लाडात ना घाईत, सारख्या चालीत एकदा म्हटलं की एक पळ. हे ६० वेळा म्हटलं की घटी. तुमच्या पंथातल्या नव्या पोराला पहिली दोन वर्षं फक्त हेच करायला लावा, समोर घटिकापात्र ठेवून. पाण्यात तांब्याची वाटी, बुडाला बारीक भोक, ती बुडाली की घटी भरली. पोराचा साठावा श्लोक आणि वाटीचं बुडणं एकत्र आलं पाहिजे. नाही आलं तर पुन्हा.

पायऱ्यांचं विचारलंत तर पाणिनीय शिक्षेत (उच्चारशास्त्राचा जुना ग्रंथ) एक फार गोड श्लोक आहे, चाष (नीलकंठ) पक्षी एक मात्रा ओरडतो, कावळा दोन, मोर तीन, आणि मुंगूस अर्धी. ह्रस्व, दीर्घ, प्लुत आणि व्यंजन कसं ओळखायचं त्याची ही खूण. पंथातल्या लोकांना हीच नावं द्या, चाष, वायस, शिखी. आणि सगळ्यात वरचा नकुल, कारण अर्धी मात्रा धरणं सगळ्यात अवघड.

बाकी आवाजाने काळ वळवणं म्हणाल तर ते आमच्या घरात पिढ्यानपिढ्या चालू आहे. मुहूर्ताला अडीच मिनिटं बाकी आहेत आणि मुलीचा मामा अजून पार्किंगमध्ये आहे अशा वेळी आजोबा 'गंगा सिंधु सरस्वती' जे काही लांबवायचे ना, तीनशे माणसं अक्षता मुठीत धरून उभी आणि काळ गुरुजींच्या घशात. उलटं पण करायचे, उशीर झाला की तीन अष्टकं एका श्वासात. कोणाला पत्ता लागायचा नाही.

---

ठायलय

वरचा प्रतिसाद भारी. मी तबला शिकवतो, त्यामुळे आधी एक सावधगिरीची सूचना. तेराव्या शतकात तबला आणू नका, ख्याल आणू नका, विलंबित एकताल तर मुळीच नको. आणि सकाळचा भैरव संध्याकाळचा मारवा हे जे समयचक्र आपण शिकतो, पूर्वांग उत्तरांग मध्यम वगैरे, ती मांडणी भातखंड्यांची, विसाव्या शतकातली. रागांना वेळ जोडायची पद्धत जुनी आहे, रत्नाकरातही आहे, पण त्याचे राग वेगळे आणि कारणं वेगळी. पंथातला कोणीतरी मारवा गाऊन सूर्य अडवतोय असं लिहिलंत तर माझ्यासारखा एखादा खडूस वाचक तिथेच अंक मिटेल.

पण रत्नाकराच्या तालाध्यायात तुमच्यासाठी खजिना आहे. दोन गोष्टी सांगतो.

एक, क्रिया. जुन्या तालात टाळी ही अर्धीच गोष्ट. सशब्द क्रिया चार, ध्रुव, शम्या, ताल, सन्निपात. निःशब्द क्रिया पण चार, आवाप, निष्क्राम, विक्षेप, प्रवेश. निःशब्द म्हणजे नुसता हात हलतो, बोटं मिटतात, पसरतात, आवाज शून्य, पण मात्रा मोजली जाते. म्हणजे गुप्त पंथाला खुणांची भाषा आयतीच मिळाली. दरबारात शंभर लोकांसमोर गाणं चाललंय, सगळे टाळ्या ऐकतायत, आणि पंथाचे लोक त्या न वाजलेल्या मात्रा वाचतायत.

दोन, ग्रह. आकाशातले नव्हेत, तालाचे. गाणं तालाबरोबर सुरू झालं तर सम ग्रह, नाहीतर अतीत किंवा अनागत. आजही आम्ही तबल्यावर वापरतो हे शब्द, समेच्या (तालाची पहिली मात्रा) जरा नंतर येणं अतीत आणि जरा आधी येणं अनागत. अनागत जमणं म्हणजे काय ते एकदा अनुभवा. सम अजून आलेली नसते, तुम्ही येऊन उभे असता, आणि समोरच्या हजार लोकांना क्षणभर वाटतं की आपणच मागे राहिलो. माझ्या मते तुमच्या पंथाने एवढंच करावं. काळ थांबवायचा नाही, मागे न्यायचा नाही, फक्त समोरच्याची सम हलवायची. हल्लेखोर तलवार उचलतो ती त्याच्या हिशेबाने समेवर पडणार असते, ती अतीत पडते.

किंमत काय असेल तेही ह्यातच आहे. जो माणूस आयुष्यभर अनागत राहतो त्याला सम सापडत नाही. बायको हाक मारायच्या आधीच ओ देतो, विनोद संपायच्या आधी हसतो. असे दोन तबलजी माझ्या ओळखीत आहेत, पंथ नसताना.

---

डेसिबल

फिजिक्सवाला इथे. एक रूल सुचवतो ज्याने सिरीयलपणा एका झटक्यात जाईल: काळ तेवढाच हलतो जेवढ्या अंतरावर आवाज ऐकू जातो, आणि त्याच वेगाने हलतो ज्या वेगाने आवाज जातो. बस. ह्याच्या बाहेर काहीही नाही.

आता हिशेब. हवेत आवाज सेकंदाला साधारण ३४३ मीटर, ठोकळमानाने तीन सेकंदात एक किलोमीटर. म्हणजे किल्ल्यावर घंटा वाजली की दोन किलोमीटरवरच्या माणसाला ती सहा सेकंदांनी ऐकू येते, त्याचं आत्ता आणि किल्ल्यावरचं आत्ता वेगळं. आणि सहा सेकंद म्हणजे किती? गुरुजींच्या नातवाचा श्लोक घ्या, १५ गुरू गुणिले ०.४, बरोब्बर एक चरण. मला तर हे बघून मजाच वाटली. वीज चमकली की म्हणायला सुरुवात करायची, स्वाप्सीः ला गडगडाट आला तर वीज दोन किलोमीटरवर पडली, पूर्ण श्लोक झाल्यावर आला तर आठ. म्हणजे तुमच्या पंथाला अंतर मोजायलाही तोच श्लोक चालतो. शत्रूच्या छावणीत नगारा वाजताना काठी दिसली आणि आवाज नंतर आला की अंतर कळलं.

पुढचं. आवाज आणि त्याचा प्रतिध्वनी वेगळे ऐकू यायला मधे साधारण एक दशांश सेकंद लागतो, म्हणजे भिंत किमान १७ मीटरवर हवी. गुरू ०.४ तर लघु ०.२ आणि अर्धी मात्रा ०.१. तुमचा तो मुंगूस बरोब्बर प्रतिध्वनीच्या उंबरठ्यावर बसलाय! नकुल पदाची परीक्षा म्हणजे अंधारात उभं करायचं आणि टिचकी वाजवून भिंत किती लांब ते सांगायला लावायचं, देवगिरी किल्ल्यातल्या अंधारी भुयारासारखी जागा दुसरी कुठे मिळणार आहे. (हो मला माहितीये की अंधारी नंतरच्या काळातली आहे असं कोणीतरी म्हणणार, कथाय राव.)

ह्या रूलचे फायदे बघा. ज्याला ऐकू येत नाही त्याच्यावर पंथाचा काहीही असर नाही, म्हणजे तुमचा हिरो किंवा व्हिलन बहिरा असला की खेळ पलटला. वारा उलटा असेल तर ताकद कमी. धबधब्याशेजारी शून्य. पाण्याखाली आवाज चौपटीहून वेगात जातो, त्याचं काय करायचं ते तुम्ही बघा.

---

परळचा_पोर

सगळं वाचलं, मजा आली, पण थोडं वाकडं बोलतो. तुम्ही सगळे पंथाची टेक्निक शोधताय, पंथाला हवंय काय हे कोणी विचारलंच नाही. आवाजाने काळ वळवणारी माणसं इतिहासात खरीच होती की, आणि ती गुप्त नव्हती, पगारी होती.

बाबराने आठवणींत लिहून ठेवलंय, हिंदुस्थानात शहराशहरात घड्याळी नेमलेले असतात, पितळेची जाड थाळी टांगून वाटी बुडाली की टोल देतात. त्याला अडचण काय वाटली तर रात्री मधेच जाग आली की नुसते घटीचे टोल ऐकून कुठला प्रहर ते कळत नाही, म्हणून त्याने हुकूम काढला की घटीनंतर प्रहराचेही टोल द्या. बघा, लढाया सोडून माणूस टोलांचे हुकूम काढतोय. का, तर टोल ज्याचा त्याची रात्र.

आमच्याकडे तोच टोल म्हणजे गिरणीचा भोंगा. १ जानेवारी १९०६ ला सरकारने स्टँडर्ड टाइम आणला. मुंबईची स्वतःची वेळ त्याच्या ३९ मिनिटं मागे. म्हणजे सूर्य तिथेच, समुद्र तिथेच, आणि भोंगा सूर्याच्या हिशेबाने ३९ मिनिटं आधी वाजणार. कामगार उठणार कधी? अंधारात. त्याच महिन्यात गिरणीत ह्यावरून दंगा झाला होता, आणि महापालिकेने तर पुढे कित्येक दशकं मुंबई टाइम सोडलाच नाही. एकाच शहरात दोन वेळा नांदत होत्या आणि कोणती खरी हे भोंगा ठरवत होता. माझे आजोबा घड्याळ न बघता जगले, भोंगा झाला की डबा, भोंगा झाला की जेवण, आणि ८२ च्या संपानंतर भोंगे बंद पडले तेव्हा म्हातारा खरंच वेळेतून सुटल्यासारखा झाला होता, दुपारी तीनला आंघोळ करायचा.

तर माझा मुद्दा, श्लोक आणि मुंगूस ठीक आहे, पण देवगिरीच्या पेठेत टोल कोण देतं ते लिहा. तो माणूस पंथाचा असेल तर रोज अर्धं पळ, पाव पळ असं करून अख्ख्या शहराचा दिवस तो हळूहळू सरकवू शकतो. तलवार अतीत पडण्यापेक्षा हे जास्त भयानक आहे. शेतसारा भरायची मुदत, वेशीचा दरवाजा बंद व्हायची वेळ, सगळं त्याच्या हातोडीत.

---

देवगिरीचा_रातकिडा

अरे काय लोक आहात तुम्ही! दोन दिवस फोरम उघडला नाही तर इथे माझी अर्धी कथा लिहून झालीये.

डेसिबल, ऐकू येईल तिथपर्यंतच हा नियम मी घेतला, चर्चा नाही. बहिरी नायिका आधीपासून होतीच, पण ती नुसती सोशिक वगैरे होती, आता तिला काम मिळालं. परळचा पोर, तुमचा टोलवाला पण घेतोय. पण पेठेतला टोलवाला दिवस सरकवत असेल तर पाटणच्या मठात ग्रहणाचं गणित करणाऱ्यांच्या ते लगेच लक्षात येईल ना? सूर्य तर खोटं बोलणार नाही. देवगिरी ते पाटण साठेक किलोमीटर, मधे घाट. मला तिथेच संघर्ष दिसतोय, एकीकडे ऐकून काळ ठरवणारे आणि दुसरीकडे बघून काळ ठरवणारे.

ठायलय सर, एक विचारू का? शार्ङ्गदेव स्वतः पंथात असावा का? खरं माणूस आहे म्हणून भीती वाटते. पण त्याच्या ग्रंथात काही लपवलंय असं दाखवायचा मोह होतोय.

---

ठायलय

शार्ङ्गदेवाला पंथात घेऊ नका, त्याच्यावर पाळत ठेवा. हिशेबनीस माणूस, तो जे उघडपणे लिहितोय तेच पंथाला परवडत नाहीये, असं करा.

आणि लपवायची गरज नाही, उघड आहे त्यातच बघा. स्वराध्यायात कूटतानांचा प्रस्तार आहे, म्हणजे स्वरांच्या उलटसुलट क्रमांची ओळीने मांडणी. सात स्वर, प्रत्येक एकदाच, तर किती क्रम होतील? ५०४०. नुसता आकडा देऊन थांबला नाहीये तो, खंडमेरू नावाचा तक्ता दिलाय, त्यावर खडे ठेवून दोन गोष्टी काढता येतात. नष्ट म्हणजे अमुक क्रमांकाची तान कोणती, आणि उद्दिष्ट म्हणजे ही तान कितव्या क्रमांकाची. तान द्या आकडा घ्या, आकडा द्या तान घ्या. तेराव्या शतकातलं हे काम आहे. गुप्त निरोपासाठी ह्याहून सुंदर काय पाहिजे? गवय्या सात स्वर गातो, आणि ऐकणाऱ्याला मिळतो एक आकडा.

---

लेस्टरकर

५०४० वाचून उडालोच. मूळचा पुण्याचा, सध्या इंग्लंडात लेस्टरशायरमध्ये. इथे जवळच लफबरोला घंटा ओतायचा मोठा कारखाना आहे आणि इथल्या चर्चमध्ये घंटा वाजवायची एक अजब पद्धत आहे. सूर वाजवत नाहीत, क्रम वाजवतात. प्रत्येक घंटेला एक माणूस, दोरी ओढायची, आणि दर फेरीला क्रम बदलायचा, तोच क्रम पुन्हा येऊ द्यायचा नाही. सात घंटा असल्या की सगळे क्रम मिळून ५०४०, आणि तेवढे वाजवायला तीनेक तास लागतात. कागद समोर ठेवायचा नाही, सगळं पाठ. आठ घंटांचे ४०३२० होतात, ते सगळे न थांबता १९६३ मध्ये लफबरोलाच वाजवले होते, जवळपास १८ तास. तीच आठ माणसं, बदली नाही.

मी एकदा मनोऱ्यात जाऊन बघितलंय, सुतार, शाळेतली बाई, पेन्शनर आजोबा, कोणी काही बोलत नाही, दोऱ्यांकडे बघत अर्धवट समाधी लागल्यासारखे. बाहेरच्या माणसाला नुसता घणघणाट वाटतो. तुमच्या पंथाला साधू-बैरागी कशाला हवेत, असेच तांबट, तेली, कारकून घ्या.

आणि पुणेकरांसाठी, अशा पद्धतीने वाजवायच्या आठ घंटा गुरुवार पेठेत पंचहौदच्या चर्चमध्ये आहेत. हो तेच, १८९० च्या चहावाल्या प्रकरणाचं पंचहौद. माझं लहानपण तिथून दहा मिनिटांवर गेलं आणि हे मला लफबरोत येऊन कळलं.

जाता जाता, जर्मनीत हाल्बरश्टाटच्या एका जुन्या चर्चमध्ये ऑर्गनवर एकच रचना ६३९ वर्षं चालणार आहे. २००१ मध्ये सुरू झाली आणि सुरुवातीला विराम होता म्हणून पहिला सूर २००३ मध्ये ऐकू आला. सूर बदलायचा दिवस असला की लोक तिकीट काढून जातात.

---

देवगिरीचा_रातकिडा

थांबा थांबा थांबा. ६० घटी गुणिले ६० पळं, दिवसाची पळं झाली ३६००. तानं ५०४०. म्हणजे सूर्योदयापासून प्रत्येक पळाला एकेक तान नेमून दिली तर दिवस संपतो तेव्हा तानं उरतात!

१४४० तानं अशा की ज्यांना दिवसात पळच नाही.

---

डेसिबल

१४४० पळं म्हणजे २४ घटी म्हणजे ९ तास ३६ मिनिटं. कुठल्याही दिवसात न मावणारे साडेनऊ तास. च्यायला, अंगावर काटा आला. (आणि १४४० म्हणजे आपल्या २४ तासांची मिनिटं पण, हा मात्र निव्वळ योगायोग, ह्याच्यावर काही बांधू नका.)

ठायलय सर, प्रस्तारात तानांचा क्रम कसा लावलाय? पहिली सा री ग म प ध नी हे धरतो, पुढे? मी चार ओळींचा प्रोग्राम लिहून उरलेल्या १४४० कोणत्या ते काढतो.

---

ठायलय

प्रोग्राम नको, तोंडी होतं. पहिली सरळ, शेवटची पूर्ण उलटी, नी ध प म ग री सा. प्रस्तारात डावीकडचे स्वर आधी हलतात आणि शेवटचा स्वर सगळ्यात सावकाश बदलतो. तीनच स्वर घेऊन बघा: सारीग, रीसाग, सागरी, गसारी, रीगसा, गरीसा. शेवटचा स्वर ग ग, मग री री, मग सा सा. तसंच सातांचं, पहिल्या ७२० तानांचा शेवट नी वर, पुढच्या ७२० चा ध वर, मग प, म, ग, री, आणि शेवटच्या ७२० सा वर.

३६०० म्हणजे ७२० पाचदा. दिवसाचं शेवटचं पळ म्हणजे नी ध प म री सा ग. तिथे दिवस संपला. उरल्या त्या सगळ्या री वर आणि सा वर संपणाऱ्या.

कळतंय का काय झालं ते? अख्ख्या दिवसात एकही तान सा वर येऊन थांबत नाही. घरी जाणाऱ्या सगळ्या ताना दिवसाच्या बाहेर आहेत. मी शार्ङ्गदेव आयुष्यभर शिकवतोय, हे असं कधी बघितलं नव्हतं, बघायचं कारणही नव्हतं म्हणा, त्याने तानांना पळं जोडलेलीच नाहीत, ते तुमचं डोकं. पण कथेला ह्याहून चांगला पाया मिळणार नाही. ३६०१ वी तान कोणती तेही सांगतो, सा ग म प ध नी री. ती जो पहिल्यांदा गाईल त्याचं काय होतं ते लिहा.

---

गुरुजींचा_नातू

सुंदर! एक शंका, सूर्योदयापासून मोजताय तर नी वाली ७२० पळं म्हणजे पहिल्या १२ घटी, ४ तास ४८ मिनिटं, साधारण भरदुपारच्या जरा आधीपर्यंत. मग ध, प, म आणि पहाटे ग. म्हणजे पंथातला माणूस घड्याळाशिवाय नुसत्या शेवटच्या स्वरावरून वेळेचा अंदाज घेणार. ठीक बसतंय. पण ३६०० वी तान सूर्योदयाच्या ठोक्याला पडली पाहिजे, आणि सूर्योदय रोज जरा पुढेमागे होतो. ती गळती कुठेतरी साठत असणार. भास्कराचार्यांच्या मुलीची, लीलावतीची दंतकथा माहितीये ना, घटिकापात्रात नथीचा मोती पडला, भोक बुजलं, आणि मुहूर्त कळायच्या आत निघून गेला. पाटणच्या मठात ती गोष्ट सांगतच असणार, चांगदेवाच्या आजोबांच्याच नावावरची आहे. तिथे एखादं बुजलेलं पात्र ठेवा आणि तुमच्या २४ घटी त्यात भरा.

---

परळचा_पोर

छान चाललंय, पण माझा प्रश्न अजून तिथेच आहे. दिवसाबाहेरचे साडेनऊ तास सापडले. ते कोणाला मिळणार? पंथ म्हणेल अभ्यासाला, राजा म्हणेल मोहिमेला, आणि हेमाडपंती कारकून त्यावर सारा बसवेल. (हेमाद्री नंतरचा, माहितीये.) माझ्या आजोबांना विचारलं असतं तर म्हणाले असते झोपायला द्या. तुमच्या टोलवाल्याचा विचार करा. हा माणूस रात्रभर वाटी बुडायची वाट बघत जागतो, अख्ख्या शहरात एकटा असा की ज्याला स्वतःचा वेळच नाही. ३६०१ वी तान त्याच्या कानावर पडली तर?

---

देवगिरीचा_रातकिडा

पडणार. आणि तो ती कोणाला सांगणार नाही, रोज टोल दिल्यावर आत जाऊन नऊ तास झोपून येणार आणि पुढच्या घटीला ताजातवाना हजर. पंथाला संशय येईल तो ह्याच्यावरूनच, रात्रपाळीचा माणूस दमलेला दिसत नाही. पकडायला मात्र कोणी जाऊ शकणार नाही कारण आत जायचं तर तान ऐकावी लागते, आणि पंथाने ज्या पोरीला ऐकू येत नाही म्हणून दारावर नेमलंय ती त्याचे ओठ वाचते.

ठायलय सर, निःशब्द क्रियांनी तान दाखवता येईल का हो? म्हणजे तिला गाताच आलं नाही तरी हाताने? ग्रंथात क्रिया तालाच्या आहेत स्वरांच्या नाहीत हे समजतंय, पण सात स्वरांना सात बोटखुणा असं काही पंथाने स्वतः बनवलं असेल तर खटकेल का?

---

ठायलय

खटकणार नाही, उलट तेच पंथाचं स्वतःचं म्हणून दाखवा. फक्त आवाप, विक्षेप ही नावं त्या खुणांना देऊ नका, ती तालाची आहेत, वेगळी ठेवा. आणि डेसिबलच्या नियमाचं काय करणार ते ठरवा आधी. काळ आवाज जाईल तिथपर्यंतच हलतो म्हणालात, तर हाताने दाखवलेली तान किती लांब जाते? दिसेल तिथपर्यंत?

---

डेसिबल

दिसेल तिथपर्यंत म्हटलं तर पाटणवाले जिंकले, बघणारे लोक. प्रकाशाला साठ किलोमीटर काहीच नाही, मधला घाट तेवढा आडवा येतो. रातकिडा, घाटमाथ्यावर कोण उभं करणार आहात?